सारजाबाईची वाकडी वाट

आमच्या वरच्या मजल्यावर राहणाऱ्या सुधीशवर मी जळतो. हे आधीच सांगून टाकलेलं बरं, म्हणजे पुढं कुणी म्हणायला नको की गोरक्षनं मनात एक ठेवलं आणि तोंडानं दुसरंच सांगितलं. घरमालकानं भाडेकरूवर जळावं ही उलटी गंगा आहे, मला कळतं. पण आहे ते आहे.

महाळुंग्यात मला लेखक म्हणतात. तसा मी कंपनीत स्टोअरला आहे, दिवसभर बेअरिंगचे खोके लावतो आणि काढतो. पण चैत्रात गावची यात्रा भरते तेव्हा गावकरी जो वग करतात, तो माझ्या लेखणीचा. माझ्या वगात राजा असतो, दगाबाज सरदार असतो, एक नाचणारीण असते आणि शेवटी तुतारी वाजते. लोक शिट्ट्या मारतात. यात्रा कमिटीचे आबाजी स्टेजवर बोलावून मला फेटा बांधतात. बापजाद्यांची जमीन कंपन्यांत गेली, आलेल्या पैशांत आम्ही खोल्या बांधल्या, आता त्यांत देशभरची माणसं राहतात. माझं म्हणावं असं गावात एकच उरलंय, गावाची गोष्ट सांगायची ती मी. त्यात वाटेकरी आलेला मला खपत नाही.

सुधीश केरळातला, पालक्काडच्या बाजूचा. माझ्याच कंपनीत मेंटेनन्सला. खोली घ्यायला आला तेव्हा सामान म्हणजे एक मिक्सर, एक पितळी समई आणि भिंतभर टीव्ही. एवढ्याशा खोलीत एवढा टीव्ही कशाला, हे मला एका रविवारी कळलं. माझी बायको तेजल त्याच्या बायकोची वाटी परत द्यायला वर गेली ती खाली येईचना. मी बोलवायला गेलो तर ही बया चटईवर मांडी घालून मल्याळी पिक्चर बघत बसलेली. खाली इंग्रजी अक्षरं, आणि तेजलला इंग्रजी माझ्याएवढंच येतं, म्हणजे कंपनीच्या पाट्यांपुरतं. सुधीश मधेमधे मराठीत सांगत होता.

पिक्चर काय, तर एका म्हातारीचा चष्मा फुटतो. बस्स, झाली गोष्ट. मुलगा दुबईला, सून शाळेत शिपाई, आणि चष्मा कुणी आणायचा यावरून घर धुमसत राहतं. रेशनवाला, देवळातला ढोलवाला, होडीवाला, सगळे येऊन आपलं मत देऊन जातात. निवडणूक तोंडावर आलेली, म्हणून दोन पक्षांची माणसं नवा चष्मा द्यायला येतात आणि म्हातारी दोघांनाही चहा पाजून हाकलते. मी आधी दारात उभा होतो, मग उंबऱ्यावर टेकलो. शेवटी सून आपल्या जुन्या चष्म्याची काडी दोऱ्यानं बांधते, म्हातारीच्या नाकावर ठेवते, आणि म्हातारी पहिल्यांदा सुनेच्या तोंडाकडं नीट बघते. माझ्या डोळ्यांत पाणी आलं आणि मला त्याचा राग आला. चष्म्यावर कुणी रडतं का?

"तुमच्याकडं असलं चालतं?" मी सुधीशला विचारलं.

"चालतं पण, पडतं पण," तो म्हणाला. "आमच्याकडे पण एकटा हीरो वीस लोकांना मारतो भाऊ, आणि आम्ही शिट्टी मारतो. पण असे पिक्चर पण लोक तिकीट काढून बघतात. ही म्हातारी माझ्या गावाच्या साइडची आहे. तिच्या तोंडात दुसऱ्या जिल्ह्याची भाषा घातली असती तर थेटर हसलं असतं. तो ढोलवाला आहे ना, त्याचा हात जरा चुकला तरी माझा काका फोन करून शिव्या देतो."

"कुणाला?"

"मला! मी काय केलं? पण देतो."

तेजल एवढी हसली की मला तिचं हसणं मोजून परत घ्यावंसं वाटलं. जिना उतरताना म्हणाली, "बघा, त्यांच्यात सून भांडी घासती तर खरंच घासती. तुमच्या वगातली राणी वनवासात हिंडून आली तरी तिचा अंबाडा सुटत न्हाई."

त्या दिवशी मी एकट्या सुधीशवर नाही, अख्ख्या केरळावर जळायला लागलो. त्यांच्या रेशनवाल्यालाही पिक्चरमध्ये जागा, आणि आमच्या गावात, जिथं नांगराच्या जागी फोर्कलिफ्ट आली, तिथलं एक माणूस कधी पडद्यावर दिसलं नाही. मग मनातच म्हटलं, दाखवणार कोण? आणि उत्तर यायच्या आत जेवायला बसलो.

आता म्हसोबाचं सांगतो. आमचा म्हसोबा कंपनीच्या आत आहे. मी आणि सुधीश ज्या कंपनीत जातो, तीच आमची जमीन. शेत गेलं, पण देवाला कोण हलवणार? कंपनीनं त्याच्याभोवती जाळी केलीय, हिरवळ लावलीय, आणि यात्रेच्या आदल्या दिवशी घरच्यांना नैवेद्य घेऊन आत सोडतात. नैवेद्य घेऊन जाते माझी आई, सारजाबाई. नऊवारी, कपाळाला ठसठशीत कुंकू, हातात ताट, आणि डोईवरच्या पदरावर कंपनीचं पिवळं हेल्मेट. हेल्मेट तिनं मानलं, बूट मानले नाहीत. "देवाला बूट घालून जायचं व्हय?" म्हणून गेटवर बसूनच राहिली होती. शेवटी सेफ्टीच्या साहेबांनी तोड काढली: अनवाणी चला, पण जमिनीवर दोन पिवळे पट्टे मारलेत त्यांच्या मधूनच चला, बाहेर पाऊल पडता कामा नये. तेव्हापासून दरवर्षी मी तिच्याबरोबर असतो, नारळ धरायला आणि तिला पट्ट्यांत ठेवायला.

आणि दरवर्षी ती बाहेर जाते. माल भरायच्या आवारात, अगदी मधोमध, सरळ चाललेली बाई एकदम उजवीकडं वळते, मोकळ्या काँक्रीटला वळसा घालून पलीकडं पुन्हा पट्ट्यात यायला बघते. तिथं काही म्हणजे काही नाही. फोर्कलिफ्टवाला हॉर्न मारतो, पोरं काम टाकून बघतात. ही माझी नोकरीची जागा. मला मेल्याहून मेल्यासारखं होतं. "आई, पट्टा! पट्टा बघ!" म्हणत मी तिच्या दंडाला धरून सरळ ओढतो. मला वाटायचं, वय झालं, नजर गेली, वर हट्ट. यंदा जरा जोरातच ओढली. सुधीश तेव्हा शिडीवर चढून शटरची मोटार खोलत होता. त्यानं बघितलं, हे मला दिसलं.

दोन दिवसांनी मी भाजी घेऊन घरी आलो तर आई ओट्यावर तांदूळ निवडत बसलेली आणि हा समोर पायरीवर.

"आई, तिकडे कंपनीत तुम्ही गोल का फिरता?" त्यानं विचारलं. असं सरळ. जसं काय कुणाला विचारावं, चहा घेतला का.

"हीर हाय तिथं," आई म्हणाली.

"विहीर? तिथं तर काँक्रीट आहे."

"काँक्रीट वर हाय. खाली हीर हाय. हिरीच्या तोंडावरनं चालत न्हाईत, बाबा."

आणि मग आई बोलतच सुटली. विहीर माझ्या वडिलांनी, बन्सीनं, भावांना घेऊन खणली ते. खडक लागला तेव्हा सगळे हात टेकून बसले आणि तिनं तिथंच भाकरी वाढली ते. शटर आहे तिथं आंबा होता, कॅन्टीन आहे तिथं खळं होतं, आणि साहेबांच्या गाड्या लागतात तिथला भुईमूग सगळ्यात गोड लागायचा. दरवर्षी नैवेद्याचं ताट घेऊन जाताना ती कंपनीतून चालतच नव्हती. ती शेतातून चालत होती, आणि आम्ही तिला हेल्मेट घातलं होतं.

मी पिशवी धरून तसाच उभा. त्या विहिरीत मी पोहायला शिकलोय. पण ती कुठं गेली असं कुणी विचारलं असतं तर मी म्हटलं असतं, कंपनीत गेली. संपलं.

"मला कधी सांगितलं नाहीस ते?" मी आईला विचारलं. आवाज चढलाच.

"तुला काय सांगायचं? तू तर तिथलाच. तुला म्हाईत न्हाई व्हय?" ती म्हणाली आणि खडा काढून फेकला.

सुधीशनं माझ्याकडं बघून हात जोडले. त्यांच्या मल्याळी समाजाचा ओणमचा कार्यक्रम असतो चिंचवडला, त्यात छोट्या फिल्मची स्पर्धा असते. "ही गोष्ट करायची आहे भाऊ. तुमच्या घरातली आहे, म्हणून मागतो. दुसरं काही नको. एक आई सरळ कंपनीत वाकडी चालते, आणि मुलगा तिला ओढतो. एवढंच."

"तुला दिसलं कसं ते?" मी विचारलं. मला खरंच जाणून घ्यायचं होतं.

"आमचे पिक्चर बघून वाईट सवय लागते. माणूस काय बोलतो ते कमी बघतो, कसा चालतो ते जास्त."

इतकी वर्षं मी तिच्या दंडाला धरून चाललो आणि दिसलं ते शिडीवरच्या माणसाला. आतून पेटलो मी. माझी आई, माझा बाप, माझी विहीर, आणि गोष्ट ह्याची? तेजलनं स्वयंपाकघरातून टोला हाणलाच, "काखेत कळसा आन् गावाला वळसा. बसा आता राजाला तुतारी वाजवत."

मी सुधीशला म्हटलं, "आत मोबाईलच्या कॅमेऱ्याला स्टिकर लावतात हे विसरलास काय? शूटिंग कुठं करणार?" नियम खरा होता, पण सांगताना मला जी गोडी लागली ती नियमाची नव्हती. त्याचा चेहरा पडला. मी आमरस ओरपल्यासारखा घरात आलो आणि दार लावून लिहायला बसलो. म्हटलं, तो करायच्या आत मीच करतो. विहीर माझी, वग माझा.

आईला बोलावून म्हटलं, सांग. ती म्हणाली, "त्या दिशी ऐकलंस की." मग मी माझ्या मनानं लिहायला लागलो. पहिल्या पानावर म्हातारी आली, बरं वाटलं. दुसऱ्या पानावर मिशावाला अधिकारी आला आणि "हाऽ हाऽ हाऽ" करून हसला. मी त्याला बोलावलं नव्हतं. त्याला हाकललं तर विहिरीतून म्हसोबा प्रकट झाला, हातात त्रिशूळ. म्हातारी काही चालेना. ती नुसती मधोमध उभी राहून हात पसरून बोलत होती, आणि बोलत होती माझ्या वगातल्या राणीसारखं. पानं चुलीत घातली असती, पण घरात गॅस आहे.

इकडं सुधीशनं हार मानली नव्हती. कंपनीत जमत नाही तर कंपनी बाहेर मांडू, असं त्यानं ठरवलं. आमच्या खोल्यांच्या मागं माझा रिकामा प्लॉट आहे, खाली कोबा केलेला. तिथं पिवळी टेप चिकटवून पट्टे करायचे, मागं लोखंडी पत्रे उभे करायचे. तो प्लॉट मागायला आला. नाही म्हणायला माझी जीभ वळलीच होती, तेवढ्यात तेजल म्हणाली, "आईंचा पिच्चर हाय तो. न्हाई म्हणून बघा."

तेव्हा मी अट घातली. "जागा देतो. पण पोराचं काम मी करणार."

वाटलं होतं, कुरकुरेल. तर हा हरखला. "तेच पाहिजे होतं भाऊ! तुमच्यापेक्षा खरं कोण करेल?" म्हणजे माझी अटसुद्धा त्याच्याच खिशात गेली.

रविवारी सकाळी प्लॉटवर निम्मी आळी जमली. कॅमेऱ्यावर त्याचा चिखलीचा मित्र. ऊन नीट पडावं म्हणून धरायला थर्माकोलची मोठी पाटी. आई हेल्मेट घालून तयार, आणि सगळ्यांना कामाला लावत होती. "टेप हितं न्हाई, आजून तिकडल्या अंगाला. हीर एवढी बारकी व्हती व्हय? लांब सरा." सुधीश तिच्या मागं "हो आई, हो आई" करत खडूनं जमिनीवर गोल काढत होता. खडूचा फिका गोल कॅमेऱ्यात दिसणार नव्हता, तो फक्त तिच्यासाठी होता. मला आत कुठंतरी टोचलं. माझ्या वगात मी नटांना जागा दाखवायचो, वग बघायला आई कुठं बसणार हेसुद्धा मी कधी विचारलं नव्हतं.

"भाऊ, काही बोलू नका," सुधीश मला म्हणाला. "फक्त ओढा. दरवर्षी ओढता तसं."

आई चालायला लागली. मी बरोबर. गोलाजवळ ती वळली आणि मी तिच्या दंडाला हात घातला. पण कॅमेरा बघत होता. आळी बघत होती. उद्या हे चिंचवडला मोठ्या पडद्यावर दिसणार, आणि लोक म्हणणार, हा गोरक्ष, म्हाताऱ्या आईला फरपटतो. माझा हात आपोआप मऊ पडला. मी तिला असं धरलं जसं लग्नात नवरीला बोहल्याकडं नेतात. वर छातीवर हात ठेवून "आईऽऽ!" असंही निघालं तोंडातून.

"भाऊ, आईऽऽ नको," सुधीश म्हणाला. "फक्त ओढा."

पुन्हा केलं. पुन्हा मऊ. मग एकदा एवढ्या जोरात ओढायचं नाटक केलं की मीच पट्ट्याबाहेर गेलो. पोरं फिदीफिदी हसली. मी म्हटलं, जमीन खडबडीत आहे, पाय नीट पडत नाही. तेजल मोठ्यानं म्हणाली, "नाचता येईना, अंगण वाकडं!" सुधीश समजून घेतल्यासारखा बघत राहिला, आणि तेच मला सगळ्यात जास्त झोंबलं. रागावला असता तर मी भांडलो तरी असतो.

ऊन चढलं. आईनं हेल्मेट काढून वारा घेतला आणि माझ्याकडं न बघताच म्हणाली, "गोऱ्या, तू हो बाजूला. तुला माझ्या पोराचं काम जमत न्हाई. त्याला करू दे."

कुणी हसलं नाही. तेजलसुद्धा नाही.

मी बाजूला झालो. काय करणार? चिखलीवाल्यानं माझ्या हातात थर्माकोलची पाटी दिली आणि आईच्या तोंडावर उजेड पाडायला सांगितलं. मी धरली.

सुधीशनं शर्टाच्या बाह्या माझ्यासारख्या दुमडल्या. नारळ डाव्या हातात घेतला, मी घेतो तसा, पोटाशी. आई निघाली. तो अर्धं पाऊल मागं, मान इकडंतिकडं, कोण बघतंय का ते चाचपत. मी असा चालतो हे मला माहीतच नव्हतं. गोलाजवळ आई वळली, आणि त्यानं तिच्या दंडाला गच्च धरून हिसका दिला. त्यात रागापेक्षा लाज जास्त होती. तो हिसका माझाच होता. आळीतल्या एका बाईच्या तोंडून "अगं बाई, गोरक्षच की!" निघून गेलं.

सुधीशनं आईला सांगितलं होतं, तुम्ही निमूट परत पट्ट्यात या, दरवर्षी येता तशा. आई आली नाही. ती तिथंच थांबली. दंड सोडवून घेतला आणि त्याच्या तोंडाकडं बघून म्हणाली, "गोऱ्या, सोड हात. दर साली मला तिच्या उरावरनं न्हेतोस. तुझ्या बापानं पहारीनं खणलीया ती, हाताची सालटं गेली व्हती त्याच्या. तिचंच पाणी पिऊन वाढलास की रं. मी गप ऱ्हाते, म्हंजी मला काय वाटत न्हाई व्हय? चारचौघांत माझी लाज वाटती तुला? आँ? बोल की."

नाव माझं घेतलं आणि बघत होती त्याच्याकडं. कॅमेरा चालू होता, कुणी थांबवला नाही. सुधीशनं नारळ पोटाशी धरून मान खाली घातली.

"चुकलं, आई," तो म्हणाला.

तिनं त्याच्या गालावरून हात फिरवला आणि विहिरीला वळसा घालून पुढं गेली. ती वळली तशी मी पाटी वळवत गेलो, आईच्या तोंडावरचा उजेड सुटू दिला नाही. तो ओरडा माझा होता. ते "चुकलं, आई" माझं होतं. मी तीन हात लांब उभा राहून माझ्या आईनं माझ्यासाठी साठवलेल्या शिव्या दुसऱ्याला खाताना बघत होतो, आणि त्या शिव्या खाणाऱ्यावर मी जेवढा जळलो, तेवढा जन्मात कुणावर जळलो नव्हतो.